इंटरनेट, स्मरण आणि अवधान (ग्रामीण विदर्भ)

इंटरनेटच्या रोजच्या वापरामुळे माणसाच्या लक्षात ठेवण्याच्या आणि लक्ष देण्याच्या सवयीत काय फरक पडतो, हा मानसशास्त्र आणि मेंदूविज्ञान या दोन्हींचा विषय आहे. या नोंदीत तो विदर्भातल्या खेड्यांच्या अंगाने मांडला आहे. अमरावती आणि नागपूर विभागांच्या अकरा जिल्ह्यांतल्या बहुतेक गावांत इंटरनेट संगणकाच्या वाटेने आलेच नाही, ते थेट मोबाइलवर आले. सप्टेंबर २०१६ मध्ये जिओची सेवा सुरू झाली, डेटा स्वस्त झाला आणि बाजारभाव, हवामान, फवारणीचा सल्ला, लग्नाची पत्रिका, रील हे सारे एकाच पडद्यावर येऊन बसले. पारावर ‘मोबाइलनं डोकं बाद होते’ असे सर्रास ऐकू येते. संशोधन इतके सरसकट काही सांगत नाही. डोके काय साठवते आणि काय सोडून देते, यात फरक पडतो, एवढे मात्र त्यातून दिसते.

स्मरणाबद्दलचा सर्वांत गाजलेला अभ्यास बेट्सी स्पॅरो, जेनी लिऊ आणि डॅनियल वेग्नर यांचा आहे. तो २०११ मध्ये ‘सायन्स’ या नियतकालिकात आला. लोकांना काही वाक्ये संगणकावर टंकायला दिली होती. ती जतन होणार आहेत असे ज्यांना वाटले त्यांना ती कमी आठवली. पुसली जाणार असे ज्यांना वाटले त्यांना जास्त. दुसऱ्या एका प्रयोगात वाक्यापेक्षा ते कोणत्या फोल्डरमध्ये ठेवले हेच लोकांना अधिक आठवले. याच लेखातला एक वेगळा प्रयोग, म्हणजे अवघड प्रश्न विचारल्यावर मनात आधी संगणकाचेच शब्द येतात का हे पाहणारा, २०१८ मध्ये पुन्हा करून पाहिला, तेव्हा तोच निकाल मिळाला नाही. म्हणून या अभ्यासाचा आधार घेताना बेताने घ्यावा.

वेग्नर यांची मूळ कल्पना १९८५ सालची, आणि ती खेड्यातल्या माणसाला चटकन पटेल अशी आहे. जवळची माणसे स्मरण आपसांत वाटून घेतात. जमिनीचा गट नंबर आणि सोसायटीच्या कर्जाची तारीख काकाच्या डोक्यात, गाय कधी फळली ते आजीच्या, कोणाच्या लग्नात कोणी किती आहेर केला ते आईच्या. सगळ्यांनी सगळे लक्षात ठेवायचे नसते. कोणाला विचारायचे तेवढे ठाऊक असले की भागते. मोबाइल आता या वाटणीत घरातला एक माणूस होऊन बसला आहे. फरक आहे तो विचारण्यात. ‘पऱ्हाटी (कपाशी) लाल पडली’ असे जुन्या शेतकऱ्याला सांगितले की तो आधी उलट विचारतो : कोण्या वावरातली? पाणी साचलं होतं का तिथं? खालची पानं लाल झाली का वरची? लाल्या, म्हणजे कपाशीची पाने लाल पडण्याचा विकार, कधी मॅग्नेशियमच्या कमतरतेने येतो, कधी साचलेल्या पाण्याने, कधी थंडीने. त्यामुळे या प्रश्नांतच निम्मे उत्तर असते. विचारणाऱ्यालाही आपले वावर डोळ्यांपुढे आणावे लागते आणि त्या खटाटोपात ते त्याच्या लक्षात राहते. शोधाच्या चौकटीत ‘कापूस लाल पाने’ लिहिले की उत्तर मिळते, पण ही उलटतपासणी बहुधा होत नाही. खेड्यातले खरे नुकसान इथे आहे, असे नोंदकर्त्याला वाटते.

फोटोचेही असेच आहे. लिंडा हेन्केल यांच्या २०१४ मधल्या प्रयोगात, संग्रहालयातल्या ज्या वस्तूंचे फोटो काढले त्यांचे बारकावे पाहणाऱ्यांना कमी आठवले. पण वस्तूच्या एखाद्या भागावर कॅमेरा जवळ नेऊन फोटो काढला, तेव्हा ही घट दिसली नाही. कपाशीचे फूल न उमलता गुलाबाच्या कळीसारखे मिटून राहिले तर ती डोमकळी. आत गुलाबी बोंडअळी असते. धुऱ्यावर, म्हणजे वावराच्या बांधावर, उभे राहून अख्ख्या झाडाचा फोटो ग्रुपवर टाकणे आणि डोमकळी तोडून, बोटांनी पाकळ्या सोडवून, आतली अळी पाहून मग तिचा फोटो घेणे, या दोन कामांत डोळ्याला घडणारे वळण वेगळे आहे.

अवधानाबद्दल एक अफवा आधी बाजूला काढायला हवी. माणसाचे लक्ष आता आठ सेकंदांवर, माशाहूनही खाली आले, असे फिरत असते. त्याला कोणत्याही अभ्यासाचा भक्कम आधार नाही. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली या झाडीपट्टीत दिवाळीनंतरच्या हंगामात रात्री सुरू झालेले नाटक पहाटेपर्यंत चालते आणि माणसे थंडीत शेवटच्या प्रवेशापर्यंत बसून राहतात. त्यांच्याही खिशात मोबाइल असतोच.

लक्ष संपत नाही, तुटते. सोफी लेरॉय यांनी २००९ मध्ये दाखवले की एक काम अर्धवट टाकून दुसऱ्याकडे वळले की पहिल्याचा काही अंश मनात रेंगाळतो आणि दुसरे काम कच्चे होते. एका वेळी मनात चारेक गोष्टीच धरता येतात, त्यात हा अंश जागा अडवतो. फवारणीच्या एका पंपाला औषध किती मिली, हे मोजत असताना मेसेज वाजला तर होते ते हेच. एड्रियन वॉर्ड आणि सहकाऱ्यांच्या २०१७ च्या अभ्यासात मोबाइल दुसऱ्या खोलीत ठेवलेल्यांची कामगिरी तो टेबलावर ठेवलेल्यांपेक्षा चांगली ठरली. नंतरच्या पडताळण्यांत मात्र हा परिणाम दर वेळी तेवढा दिसला नाही.

झोपेचा प्रश्न इथे वेगळ्या रूपात येतो. दिवसभर शिकलेले झोपेत पक्के होते, हे चांगले सिद्ध झालेले आहे. पण रात्रीच्या लाइनवर, म्हणजे रात्री मिळणाऱ्या विजेवर, पिकाला पाणी देणाऱ्याची झोप मोबाइल येण्याआधीच मोडलेली होती. तो दोष इंटरनेटवर ढकलता येत नाही. रानडुकरांपासून पीक राखायला वावरातल्या उंच माळ्यावर जागल करणाऱ्याला मोबाइलने सोबत दिली, हेही खरे. मात्र डोळे अंधाराला पूर्ण सरावायला वीस ते तीस मिनिटे लागतात आणि उजळ पडदा पाहिला की तो सराव मोडतो. मग तुरीत हललेली सावली दिसत नाही, आणि कानात गाणे असेल तर खसफसही ऐकू येत नाही.

यवतमाळ जिल्ह्यातल्या पुसद तालुक्यात बांशी या गावाच्या ग्रामसभेने नोव्हेंबर २०२२ मध्ये अठरा वर्षांखालील मुलांना मोबाइल वापरायला बंदी करणारा ठराव केला. कोरोनाच्या काळात शाळेसाठीच हातात दिलेला मोबाइल पोरांच्या हातातून सुटेना, ही त्यामागची कळकळ होती, आणि ती समजून घ्यावी अशी आहे. अभ्यासापुरते पाहिले तर दुसरीही वाट आहे. रोडिगर आणि कार्पिक यांच्या २००६ च्या प्रयोगात धडा पुन्हा पुन्हा वाचणारे विद्यार्थी पाच मिनिटांनंतरच्या परीक्षेत पुढे होते. आठवड्यानंतर मात्र धडा बंद करून आठवून लिहिणारे पुढे गेले. मोबाइल उघडण्याआधी आठवायचा प्रयत्न झाला की नाही, यावर बरेच काही अवलंबून असते.

कापूस वेचणीच्या दिवसांत संध्याकाळी धुऱ्यावर काटा होतो, म्हणजे वेचलेला कापूस तोलला जातो. वेचणाऱ्या बायांचे पैसे बाजाराच्या दिवशी मिळतात, म्हणून प्रत्येकीला आपले रोजचे किलो तोवर डोक्यात ठेवावे लागतात. अशाच एका काट्यावर एका बाईची शाळकरी पोरगी मोबाइलवर आकडे लिहून घेत होती. तिने चार दिवसांची बेरीज करायला कॅल्क्युलेटर उघडला, तोवर मायने आकडा सांगून टाकला होता. पोरीने तरीही बेरीज केली. जुळली. पाचव्या दिवशी काटा झाल्यावर तिने मोबाइल बाहेर काढला नाही. मायकडे पाहत आधी तोंडी हिशेब करून पाहिला, दोन किलोंनी चुकली, आणि पुन्हा पहिल्यापासून मोजू लागली.