ईस्ट लिन (मूकपट रूपांतरे)

एलेन वुड (मिसेस हेन्री वुड) यांची ‘ईस्ट लिन’ ही इंग्रजी कादंबरी १८६१ मध्ये पुस्तकरूपात आली. तिच्यावर निघालेल्या मूकपटांपैकी तीन ठळक: बर्ट हॅल्डेन दिग्दर्शित ब्रिटिश मूकपट (१९१३, सहा रिळे), अभिनेत्री थीडा बारा यांचा अमेरिकेच्या फॉक्स कंपनीचा (१९१६) आणि फॉक्सचाच अभिनेत्री अल्मा रूबेन्स यांचा (१९२५).

लेडी इझाबेल नवरा-मुलांना सोडून प्रियकर लेव्हिसनबरोबर पळून जाते. रेल्वे अपघातात तिचा चेहरा विद्रूप होतो, ती मेली अशी बातमी पसरते, आणि मग ती ‘मॅडम व्हाइन’ नावाने आपल्याच घरी मुलांची गव्हर्नेस (घरी राहून शिकवणारी बाई) म्हणून परतते.

पडद्यावर अडचण होते ती या वेषांतराची. रंगमंचावर पांढरे केस आणि निळा चष्मा पुरतो, कारण प्रेक्षक लांब बसलेला असतो. क्लोजअपमध्ये मात्र सख्ख्या नवऱ्याला ओळख पटू नये हे पटत नाही. त्यात त्या काळची ऑर्थोक्रोमॅटिक फिल्म निळ्या प्रकाशाला फार संवेदनशील आणि लाल रंगाला जवळपास आंधळी. कादंबरीतल्यासारखी निळी काच वापरली, तर ती पडद्यावर फिकट दिसते आणि मागचे डोळे उघडे पडतात. डोळे झाकायचे तर पिवळसर किंवा तपकिरी काच हवी, ती काळपट उमटते.

मुलगा विल्यम मरतो तो प्रसंग सर्वांत गाजलेला. ‘गेलास, आणि मला कधी आई म्हणाला नाहीस’ या आशयाचे वाक्य मूळ कादंबरीत नाहीच, ते नाटकांनी घातले. मूकपटात ते टायटल कार्डावर, म्हणजे दृश्यांच्या मध्ये दाखवल्या जाणाऱ्या मजकुराच्या पाटीवर, येते. शब्दामागे सुमारे एक सेकंद हा ढोबळ हिशेब, आणि कार्ड रडणाऱ्या चेहऱ्याच्या मधोमध पडले की रस तुटतो. हॅलिजॉन या पात्राच्या खुनाचे उपकथानकही कार्डे फार खाते. खुनी थॉर्न म्हणजेच लेव्हिसन, हे हावभावांनी सांगता येत नाही.

आज दाखवताना वेग तपासावा. ३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी असतात. हजार फुटांचे रीळ सेकंदाला १६ चौकटींनी सुमारे १७ मिनिटे चालते, बोलपटाच्या २४ ने ११. चुकीच्या वेगात मरणशय्येचा प्रसंग धावपळीचा विनोद होतो.

त्या काळची नायट्रेट फिल्म आपोआप कुजते आणि झपाट्याने पेटते. १९३७ च्या लिटल फेरी (न्यू जर्सी) इथल्या आगीत फॉक्सचा मोठा साठा जळाला, बारा यांचे बहुतेक चित्रपटही नष्ट झाले. त्यांच्या ‘ईस्ट लिन’ची प्रत मात्र १९७१ मध्ये सापडली.