तानपुरा कुठे गेला?

पंचवटीतला जुना वाडा रिकामा करताना माळ्यावरून पत्र्याची एक ट्रंक खाली आली. आत काकांच्या १८३ कॅसेटी. निम्म्याहून जास्त विकतच्या: नाट्यपदं, अभंग, भावगीतं. उरलेल्या घरी भरलेल्या: रेडिओवरचे कार्यक्रम, गणपतीतल्या बैठका, कोजागिरीला वाड्याच्या चौकात रंगलेलं गाणं. विकतच्या कॅसेटींमधलं बरंचसं आता कुठल्याही ॲपवर सापडतं. कोजागिरीचं गाणं सापडत नाही. ते जगात एकाच ठिकाणी होतं, ३.८१ मिलिमीटर रुंदीच्या फितीवर, डांबरगोळीच्या वासात.

ते संगणकावर घ्यायचं आणि घरातल्या सगळ्यांना आपापल्या फोनवर ऐकता येईल असं ठेवायचं, एवढाच बेत होता. त्यासाठी लागतो घरचा सर्व्हर. हा शब्द ऐकला की लोकांच्या डोळ्यांपुढे गार खोल्या आणि लुकलुकणारे दिवे येतात, पण सर्व्हर म्हणजे पंगतीतला वाढपी. कायम उभा असतो, मागेल त्याला मागेल ते वाढतो. कुठलाही जुना लॅपटॉप हे काम करू शकतो. अवघड भाग त्याच्या आधी येतो आणि नंतर येतो.

आधीचा भाग म्हणजे फीत. कॅसेट १९६३ साली बाजारात आली ती मुळात बोलणं टिपायला, गाण्यासाठी नव्हे. फीत सेकंदाला ४.७६ सेंटिमीटर सरकते. आता १०,००० हर्ट्झचा एक उंच स्वरांश घ्या. सेकंदाला दहा हजार लहरी ४.७६ सेंटिमीटरमध्ये बसवायच्या, म्हणजे एका लहरीला पाच मायक्रॉनहूनही कमी जागा, केसाच्या जाडीपेक्षा कितीतरी कमी. कॅसेट वाजवणाऱ्या डेकचं हेड, म्हणजे फीत वाचणारा भाग, फितीला काटकोनात नसून किंचित तिरपं असेल, तर त्याची एक कड एका लहरीवर आणि दुसरी कड पुढच्या लहरीवर पडते, आणि दोन्ही एकमेकींना खोडून काढतात. म्हणून काही कॅसेटी ‘गोधडीतून’ ऐकल्यासारख्या वाटतात. फीत खराब झालेली नसते. हेडशेजारचा बारीक स्क्रू इअरफोन लावून हळूहळू फिरवत गेलं की एका जागी आवाज उघडतो. तबल्याची चाट एकदम समोर येते. हा क्षण एकदा अनुभवावा असा आहे.

फितीची आणखी एक गंमत. वर्षानुवर्षं गुंडाळून ठेवली की एका वेढ्यातलं चुंबकत्व शेजारच्या वेढ्यावर पुसट उमटतं. त्यामुळे शांततेतून गाणं सुरू होण्याच्या किंचित आधी त्याच गाण्याची चाहूल ऐकू येते. काका याला ‘भूत’ म्हणायचे.

मग माझी चूक. डेकमधून वायर काढून लॅपटॉपच्या माइकच्या भोकात घातली आणि १४ कॅसेटी भरून टाकल्या. रात्री ऐकायला बसलो तर गाणाऱ्या बाई श्वास घ्यायला थांबल्या की मागचा तानपुरा बुडायचा; सूर लागला की पुन्हा उगवायचा. फितीवर तर तानपुरा अखंड होता! कारण सापडायला दोन दिवस गेले. हल्लीच्या बऱ्याच लॅपटॉपमध्ये माइकचा आवाज ‘स्वच्छ’ करणारी सोय आपोआप चालू असते. फोनवर बोलताना मागचा पंखा ऐकू जाऊ नये म्हणून ती केलेली. तिचा हिशोब साधा आहे: जे बदलत राहतं ते बोलणं, जे एकसारखं चालू राहतं तो गोंगाट. तानपुऱ्याचं तर सगळं मोठेपण एकसारखं चालू राहण्यातच. यंत्राच्या लेखी तो पंखाच ठरला.

ती सोय बंद करून, एम. जी. रोडवरून लाइन-इन (डेकसारख्या यंत्राचा आवाज थेट घेणारं भोक) असलेली छोटी साउंड डबी आणून, चौदाच्या चौदा कॅसेटी पुन्हा भरल्या. कॅसेट वेगात चालवून भागत नाही, तासाच्या कॅसेटीला तासच लागतो. रोज संध्याकाळी एक धरली तरी सहा महिने.

आवाजाचे आकडे कसे होतात ते पाहू. हवेचा दाब सारखा वरखाली होत असतो. संगणक ठरावीक वेळाने तो मोजतो आणि आकडा लिहून ठेवतो. सीडीसाठी हे मोजमाप सेकंदाला ४४,१०० वेळा होतं. माणसाला साधारण २०,००० हर्ट्झपर्यंत ऐकू येतं, आणि एखादी लहर पुन्हा अचूक उभी करायची तर तिच्या दुपटीपेक्षा जास्त वेळा मोजावं लागतं. मग नेमके ४४,१०० कुठून आले? सुरुवातीला हे आकडे व्हिडिओ टेपवर साठवत. चित्राच्या एका ओळीत तीन आकडे, अशा २४५ ओळी, सेकंदाला ६० वेळा. गुणाकार करून पाहा. कानाच्या शास्त्राने उंबरठा ठरवला, नेमका आकडा टीव्हीच्या यंत्राने.

डाव्या-उजव्या दोन बाजू आणि प्रत्येक आकड्याला १६ बिट धरले की मिनिटाला सुमारे १०.६ एमबी होतात. १८३ तासांचे ११६ जीबी. आजच्या डिस्कला हे काहीच नाही, तरी न गमावता आटवता येत असेल तर का आटवू नये? त्यासाठी ‘फ्लॅक’ ही पद्धत आहे, २००१ सालापासून मोफत उपलब्ध. तिची युक्ती आपल्याकडच्या कुठल्याही तबलजीला चटकन कळेल. तीनतालाचा ठेका लिहायचा तर दर आवर्तनाला सोळा मात्रा लिहीत बसत नाही. ‘तीनताल’ म्हणतो, आणि जिथे काही वेगळं वाजलं तेवढंच टिपतो. फ्लॅक मागच्या काही आकड्यांवरून पुढचा आकडा ओळखू पाहतो आणि अंदाज किती चुकला तेवढंच लिहून ठेवतो. ऐकताना तोच अंदाज पुन्हा करून त्यात चूक मिळवली की मूळ आकडा जसाच्या तसा मिळतो, एका बिटाचाही फरक न पडता.

चांगल्या सीडीची फाइल अशी जवळपास निम्म्यावर येते. आमच्या कॅसेटी तेवढ्या आटल्या नाहीत. कारण फितीची सर्‌सर्‌. तानपुऱ्याचा पुढचा आकडा ओळखता येतो, सर्‌सरीचा कधीच नाही; ती खरीखुरी बेभरवशाची. गणितज्ञ क्लॉड शॅनन यांनी १९४८ साली मांडलं होतं की जितकं अनपेक्षित, तितकी त्यात माहिती जास्त. त्या मापाने आमच्या कोजागिरीच्या कॅसेटीत सगळ्यात ‘माहितीपूर्ण’ वस्तू म्हणजे ती खरखर, आणि सगळ्यात कमी माहिती तानपुऱ्यात! माइकच्या सोयीने तानपुरा कचरा म्हणून फेकला, फ्लॅकने खरखर सोनं म्हणून जपली. दोघांनाही गाणं कळत नाही.

एमपीथ्रीची वाट वेगळी. ती कानाच्या मर्यादेवर चालते. मिरवणुकीत नाशिक ढोल वाजत असताना शेजारचा काय बोलतो ते ऐकू येत नाही. तसंच मोठ्या स्वराजवळचा बारीक स्वर कानाला लागत नाही, मग तो साठवायचाच कशाला, असा तिचा विचार. फाइल खूप लहान होते, पण जे गेलं ते गेलं. ऐकायला एमपीथ्री चालेल, जपायला नको, एवढं माझं मत.

यंत्राचं लवकर उरकतो. रास्पबेरी पाय नावाचा छोटा संगणक घ्या नाहीतर जुना लॅपटॉप. वॅटला ८.७६ ने गुणलं की वर्षाचे विजेचे युनिट मिळतात, यंत्र चोवीस तास चालू धरून. पाच वॅटचा पाय ४४ युनिट खातो, पंधरा वॅटचा लॅपटॉप १३१, साठ वॅटचा जुना डेस्कटॉप ५२६. तरी मी लॅपटॉपच निवडला, कारण आमच्याकडे लाईट जाते. मेमरी कार्डावर काही लिहिलं जात असताना लाईट गेली तर कार्ड नासू शकतं. लॅपटॉपला स्वतःची बॅटरी असते. मात्र ती कायम शंभर टक्क्यांवर ठेवली की कालांतराने फुगू शकते, म्हणून चार्जिंग ८० टक्क्यांना थांबेल असं करून ठेवलं. त्यावर लिनक्स ही मोफत प्रणाली आणि गाणी वाढणारा प्रोग्रॅम नॅव्हिड्रोम. जेलीफिनही चालतं, पण ते सिनेम्यांसह सगळं सांभाळतं. नॅव्हिड्रोम फक्त गाणी. दोन्ही मोफत. घराबाहेर असताना नॅव्हिड्रोम तीच फ्लॅक फाइल जागच्या जागी आटवून फोनला देतं. ९६ केबीपीएसने (सेकंदाला ९६ हजार बिट) तासाभराचं गाणं ४३ एमबीत येतं. वाढपी जाणता असला की ताट बघून वाढतो.

खरा वेळ गेला नावं घालण्यात. गाण्याच्या फाइलला चिकटवलेल्या माहितीला टॅग म्हणतात. जुन्या एमपीथ्रीत त्यासाठी फाइलच्या शेवटी जेमतेम १२८ बाइट असत, त्यात गाण्याच्या नावाला ३०. रोमन लिपीत एका अक्षराला एक बाइट, आणि अक्षरं साठवण्याच्या, आज सर्रास चालणाऱ्या यूटीएफ-८ या पद्धतीत देवनागरीच्या प्रत्येक चिन्हाला तीन. काना-मात्राही वेगळं चिन्हच. ‘कोजागिरी बैठक’ला ३७ बाइट लागतात. तिसाव्या बाइटवर कापलं तर ‘कोजागिरी ब’ आणि पुढे ‘बै’ची तुटकी मात्रा. जुन्या सीडींवर दिसणाऱ्या चौकोन-प्रश्नचिन्हांमागे असले घोटाळे असतात. फ्लॅकमध्ये ही अडचण नाही. हवे तेवढे रकाने करा, राग, ताल, साथीदार. रकान्याचं नाव तेवढं रोमन लिपीत द्यावं लागतं, आतला मजकूर खुशाल मराठीत.

पण रकान्यात भरायचं काय? या प्रणाली ‘कलाकार, अल्बम, गाणं’ या साच्यातून आल्या आहेत. आपल्या भावगीताला कवी, संगीतकार आणि गायक असे तीन धनी. नाट्यपदाचा अल्बम म्हणजे नाटक की कॅसेट? अभंगात तुकोबांना कुठल्या रकान्यात बसवणार? मी कवी आणि संगीतकार वेगळे नोंदले, रागाचा रकाना केला. आत्याला गाणी रागावरून आठवतात, बहिणीला गायकावरून आणि आईला ‘ती पिवळी कॅसेट’ अशी, म्हणून कॅसेटीच्या कव्हरांचे फोटोही चढवले.

त्यातही एक गोम. ‘तिसऱ्या’ आणि ‘तिसर्‍या’ हे दोन शब्द डोळ्यांना सारखेच दिसतात. पण त्यातला तो पापणीसारखा र युनिकोडमध्ये, म्हणजे संगणकाच्या अक्षरयादीत, दोन वेगवेगळ्या प्रकारांनी लिहिता येतो, आणि एका कीबोर्डवरून भरलेलं नाव दुसऱ्यावरून शोधलं की सर्व्हर ‘काही नाही’ म्हणतो. मी सगळी नावं एकाच पद्धतीची करून घेतली, तेव्हा हरवलेली अकरा गाणी परत आली.

घरातल्या वायफायवर सगळं सुरळीत चाललं. आत्या असते सिन्नरला. तिथून सर्व्हर सापडेना. त्याचं कारण वाड्याच्या भाषेत सांगतो. इंटरनेटचे जुन्या पद्धतीचे पत्ते सुमारे ४२९ कोटी, तेही केव्हाच संपत आले. म्हणून वाड्याला पत्ता एकच, आत खोल्यांना १९२.१६८ ने सुरू होणारे घरगुती क्रमांक. देवडीवर राउटर बसलेला. आतून कुणी पत्र धाडलं की तो लक्षात ठेवतो आणि उत्तर बरोबर त्या खोलीत पोचवतो. बाहेरून न कळवता आलेल्या पाहुण्याला मात्र तो कुठे धाडणार? एरवी त्याला सांगून ठेवता येतं. पण हल्ली अनेक कंपन्या अख्ख्या आळीला एकच पत्ता देतात आणि त्या मोठ्या दरवाज्यावरचा माणूस आपलं ऐकत नाही. राउटरच्या पानावर बाहेरचा पत्ता १००.६४ ते १००.१२७ या दरम्यान सुरू होत असेल तर तुम्ही अशा आळीत राहता. यावर उपाय म्हणजे सर्व्हरनेच आतून बाहेर हाक मारायची आणि आत्याच्या फोननेही. मग दोघांची गाठ घालून देणारी सोय वापरायची. मी टेलस्केल वापरतो, त्याच्या पोटात वायरगार्ड नावाची कुलूपबंद वाट आहे. सर्व्हर सगळ्या जगाला उघडा टाकण्यापेक्षा हे बरं, आणि गाणी घरच्यांपुरतीच राहतात.

उरली राखण. नाशिककर पूर मोजतात तो गोदापात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीवर. पाणी त्याच्या कमरेला आलं की छातीला, यावरून गोदाकाठची दुकानं आवरायची की नाही ते ठरतं. ऑगस्ट २०१६ मध्ये पाणी सराफ बाजारात शिरलं होतं. आमची ट्रंक माळ्यावर होती म्हणून वाचली, नाहीतर तळघरात ठेवायचं घाटत होतं. म्हणून प्रती तीन: एक लॅपटॉपवर, एक कपाटातल्या डिस्कवर, एक सिन्नरला आत्याकडे. एकाच पेटीत दोन डिस्क लावून दोन प्रती झाल्या असं मानू नये. पाणी दोन्हींना एकदमच भिजवतं. फ्लॅकच्या फाइलीत मूळ आवाजाचा एक ठसाही असतो. वर्षातून एकदा ताडून पाहायचा, जुळला नाही तर ती फाइल दुसऱ्या प्रतीवरून आणायची.

कोजागिरीच्या कॅसेटीची सुरुवात मी कापणार होतो. तानपुरा लागतोय, कुणीतरी खोकतंय, आणि मागून आजी ओरडते, “अरे, दूध बघा कुणीतरी, उतू जाईल!” मग हसू, मग गाणं. बहिणीने कापू दिलं नाही. तो तुकडा वेगळा ठेवला, अकरा सेकंदांचा. गायकाच्या रकान्यात काय लिहायचं यावर घरात बराच वाद झाला. आता सर्व्हरवर ‘आजी’ असं शोधलं की एकच नोंद येते. आत्या सिन्नरहून ती किती वेळा ऐकते ते नॅव्हिड्रोम मोजतं. परवा बघितलं तेव्हा आकडा ६४ होता.