पडलेला विनोद आणि मुद्दाम पाडलेला विनोद

ओपन माइकवर, म्हणजे कुणीही येऊन विनोद सादर करावा अशा मंचावर, कुणाचा तरी सेट सपशेल आपटतो आणि खाली उतरल्यावर तो ऐटीत सांगतो, ‘अरे, ती अँटी-कॉमेडी, म्हणजे मुद्दाम पाडलेला विनोद होता!’ नव्हता. उलट टेड चिपिंग्टन या ब्रिटिश स्टँड-अप विनोदवीराचं रेकॉर्डिंग ऐकवलं की लोक म्हणतात, ‘याला विनोद जमतच नाही.’ हेही साफ चूक.

पडलेला विनोद सगळ्यांनी पाहिलाय, त्यावर शब्द खर्चत नाही. चिपिंग्टन मात्र फार थोड्यांना माहीत आहे. इंग्लंडमधल्या स्टोक-ऑन-ट्रेंटचा हा माणूस १९८०च्या दशकात टेडी बॉयच्या (१९५०च्या दशकातल्या ब्रिटिश रॉक-अँड-रोलवेड्या तरुणांच्या) पोशाखात स्टेजवर उभा राहायचा, तेही बऱ्याचदा द फॉल किंवा द नाइटिंगेल्ससारख्या बँडच्या आधी. समोरच्या गर्दीला बँड हवा असायचा, हा नको असायचा. त्याचे कितीतरी विनोद एकाच धाटणीचे: परवा रस्त्याने चाललो होतो, एक जण भेटला. तो काहीतरी विचारणार, टेड त्यावर रुक्ष, अर्धवट उत्तर देणार, संपलं. आवाजात चढउतार नाही. मग पुन्हा, परवा रस्त्याने चाललो होतो...

आता बघा, हशा येत नाही तेव्हा तो काय करतो. खरी मेख इथे आहे. ज्याचा विनोद पडलाय तो त्या शांततेला घाबरतो. वेग वाढवतो, उसनं हसतो, पुढच्या रांगेतल्या कुणाच्या तरी शर्टावर घसरतो, शेवटी प्रेक्षकांनाच ‘थंड’ ठरवतो. प्रत्येक शांततेनंतर त्याचा ढंग बदलतो, कारण त्याला हशाच हवा होता. चिपिंग्टन तसूभरही हलत नाही. तोच वेग, तोच सूर, तेच पहिलं वाक्य. हुर्यो उडाली तरी तेच. लोकांचं वैतागणं त्याने आधीच हिशेबात धरलेलं असतं. विनोदाकडून आपण काय काय गृहीत धरतो ते तो एकेक करून काढून घेतो, आणि पाचव्या-सहाव्या ‘परवा रस्त्याने’ला कुठेतरी एक जण फिस्सकन हसतो. एवढी शिस्त अपघाताने येत नाही. म्हणूनच ‘हे तर कुणीही करेल’ हे वाक्य मला अजिबात सहन होत नाही.

१९७९मध्ये लंडनच्या कॉमेडी स्टोअर या क्लबपासून उसळलेली ऑल्टरनेटिव्ह कॉमेडीची (जुन्या साचेबद्ध विनोदाला पर्याय म्हणून आलेल्या विनोदाची) लाट म्हणजे निव्वळ राजकीय शेरेबाजी, असाही एक समज आहे. चिपिंग्टनही त्याच काळातला, पण त्याच्यात राजकारण शोधू नका.

१९८६मध्ये व्हिंडालू रेकॉर्ड्सने त्याचा ‘मॅन इन अ सूटकेस’ हा अल्बम काढला. सुरुवात तिथूनच करा आणि सलग ऐका. कापलेल्या क्लिपमध्ये पुनरावृत्तीच उरत नाही, मग तो खरोखरच नुसता कंटाळवाणा वाटतो. ब्रिटिश स्टँड-अप विनोदवीर स्टुअर्ट लीने शाळकरी वयात त्याला द फॉलच्या आधी पाहिलं आणि तिथूनच आपल्याला स्टँड-अप करावंसं वाटलं, असं तो सांगत आलाय. लीच्या कार्यक्रमांत एकच वाक्य मिनिटन्‌मिनिटं घोळवलं जातं, त्यामागे चिपिंग्टन आहे.