संदेशसीमा (सॉकेट प्रोग्रॅमिंग)

टीसीपी सॉकेटवरून (टीसीपी हा नेटवर्कवर बाइट नेण्याचा नियमसंच, सॉकेट हे त्या जोडणीचे प्रोग्रॅममधले टोक) जाणारा एक संदेश कोठे संपतो आणि पुढचा कोठे सुरू होतो, हे क्लायंट (विनंती करणारा प्रोग्रॅम) व सर्व्हर (उत्तर देणारा प्रोग्रॅम) यांनी आपसांत ठरवलेल्या नियमाला संदेशसीमा म्हणतात. सी भाषेत सॉकेटचा प्रोग्रॅम लिहिणाऱ्याच्या तक्रारी ठरलेल्या असतात: संदेश पाठवला पण पोचला नाही, अर्धाच पोचला, दोन संदेश चिकटून आले. यांतील बहुतेकांचे मूळ हा नियम न ठरवण्यात असते. नेटवर्कचा दोष क्वचितच निघतो.

सॉकेटची फंक्शन्स १९८३ मध्ये बर्कलीच्या ४.२ बीएसडी या युनिक्स आवृत्तीबरोबर आली. तिथे फाइल आणि सॉकेट दोन्हींवर रीड व राइट चालतात. ही सोय मोठी आहे, पण गैरसमजही इथूनच सुरू होतो. टीसीपीला संदेश ही गोष्ट माहीतच नाही; तो फक्त बाइटचा अखंड प्रवाह, क्रम न बिघडवता, पलीकडे नेतो. गच्चीवरच्या टाकीत तीन कळशा ओतल्या तरी खाली नळाला बादली लावणाऱ्याला कळशा किती होत्या हे कळत नाही. पाणी मात्र सगळे येते. तीन वेळा सेंड (पाठवण्याचे फंक्शन) केलेले एका रिसीव्हमध्ये (घेण्याचे फंक्शन) येऊ शकते आणि एका सेंडचे तीन तुकडेही होऊ शकतात. यूडीपी या दुसऱ्या नियमसंचामध्ये असे होत नाही. तिथे एक सेंड म्हणजे एक पाकीट, पण ते पोचेलच याची हमी नसते.

मराठी मजकुरावर हा प्रकार डोळ्यांना दिसतो. ‘नमस्कार’ या शब्दात युनिकोडची सात चिन्हे आहेत आणि यूटीएफ-८ या चिन्हे बाइटांत लिहिण्याच्या पद्धतीत प्रत्येकाला तीन बाइट लागतात, म्हणजे एकूण २१. पहिल्या रिसीव्हने १० बाइट दिले, तर ‘नमस’ पूर्ण येते आणि हलन्ताचा एकच बाइट हाती लागतो. पडद्यावर शेवटी चौकोन किंवा प्रश्नचिन्ह उमटते. अशा वेळी फॉन्टवर संशय घेऊन तासन्‌तास घालवले जातात. उरलेले ११ बाइट पुढच्या रिसीव्हमध्ये येणार असतात, पण तो कोणी बोलावलेलाच नसतो. शिवाय रिसीव्ह मजकुराच्या शेवटी शून्य बाइट लावत नाही. तो न लावता बफर (आलेले बाइट ठेवण्याची स्मृतीतील जागा) छापले, तर आधीच्या संदेशाचे शेपूट नव्या संदेशाला जोडून दिसते.

म्हणून रिसीव्हने परत केलेला आकडा पाहणे ही दुरुस्तीची पहिली पायरी. धन आकडा म्हणजे तितके बाइट आले, मागितले तितके आले असे नव्हे. शून्य म्हणजे समोरच्याने आपल्या बाजूचे पाठवणे संपवले. उणे एक म्हणजे चूक, आणि तिचे कारण एर्रनो या चलामध्ये मिळते. मात्र सिग्नलमुळे (प्रोग्रॅमला मध्येच आलेल्या सूचनेमुळे) कॉल मध्येच तुटला असेल तर तो पुन्हा करायचा असतो. सेंडचा आकडाही असाच तपासावा. तो यशस्वी झाला याचा अर्थ बाइट आपल्याच यंत्राच्या कर्नलने (ऑपरेटिंग सिस्टिमच्या गाभ्याने) स्वीकारले, एवढाच.

सीमा आखण्याच्या दोन रीती रूढ आहेत. एकीत खुणेचा बाइट किंवा ओळीचा शेवट वापरतात, जसे ईमेलच्या एसएमटीपीमध्ये. दुसरीत आधी लांबी आणि मग मजकूर पाठवतात. कोणताही मजकूर न्यायचा असेल तर दुसरी रीत अधिक सुरक्षित आहे. पण लांबीचे चार बाइट नेटवर्कच्या क्रमाने, म्हणजे मोठा बाइट आधी, पाठवावे लागतात. इंटेल जातीच्या यंत्रावर क्रम उलटा असतो. क्लायंटने २१ ही लांबी न बदलता पाठवली आणि सर्व्हरने मात्र नियमाने बदलून वाचली, तर त्याला ३५,२३,२१,५३६ दिसतात. सर्व्हर पस्तीस कोटी बाइटांची वाट पाहत बसतो आणि बाहेरून तो अडकल्यासारखा भासतो. लांबीवर कमाल मर्यादा घातली तर ही चूक तत्क्षणी पकडली जाते.

दुसरा नेहमीचा अडथळा परस्परांची वाट पाहण्याचा. सर्व्हर ओळ संपण्याची वाट पाहतो, क्लायंटने ओळीचा शेवट पाठवलेलाच नसतो आणि तो उत्तरासाठी रिसीव्हमध्ये थांबलेला असतो. दोघेही गप्प. सर्व्हर शून्य येईपर्यंत वाचत असेल तर क्लायंटने शटडाउन वापरून फक्त पाठवण्याची बाजू बंद करावी. क्लोज केल्यास उत्तर घ्यायला सॉकेटच उरत नाही.

चूक कोणत्या बाजूची हे ठरवायला एक बाजू बदलून पाहावी. क्लायंटच्या जागी नेटकॅट हे सॉकेट जोडून देणारे तयार साधन लावून हाताने संदेश टाइप केला आणि सर्व्हरने नीट उत्तर दिले, तर शोध क्लायंटमध्ये घ्यायचा. लिनक्सवर एसट्रेस प्रत्येक कॉल व त्याचा आकडा दाखवतो, टीसीपीडम्प तारेवरून खरोखर काय गेले ते. एकाच यंत्रावर, १२७.०.०.१ या पत्त्यावर, छोटे संदेश बहुधा अखंड येतात, त्यामुळे सदोष प्रोग्रॅमही चालतो. इथरनेटवर एका पाकिटात साधारण १,४६० बाइटच मावतात आणि मोठा संदेश तिथे तुटतो. म्हणून घरच्या यंत्रावरच ‘नमस्कार’चे २१ बाइट एकेक करून, मध्ये किंचित थांबत पाठवावेत आणि मग दोन संदेश एकाच सेंडमध्ये जोडून पाठवावेत. दोन्ही वेळा सर्व्हरने अचूक संदेश ओळखले, तर वाचण्याचे लूप बरोबर लिहिले आहे.