विजेच्या धक्क्याने आलेले अपंगत्व आणि भरपाईचा हक्क : पार्श्वभूमी

पावसाळा सुरू झाला की नाशिक जिल्ह्यात विजेच्या अपघातांच्या बातम्या येऊ लागतात. बांधावर तुटून पडलेली तार, खांबाच्या ताणात उतरलेला करंट, दार उघडे राहिलेली डीपी ही त्यांतली नेहमीची कारणे. अपघातात मृत्यू झाला तर पंचनामा, शवविच्छेदन आणि सानुग्रह मदत अशी एक ठरलेली वाट तरी असते. हात किंवा पाय गमावून जो जगतो, त्याला मात्र भरपाई कोणत्या कायद्याने आणि कोणत्या न्यायालयात मागायची, इथपासूनच प्रश्न पडतो.

हा भेद जुना आहे. 1855 च्या घातक अपघात कायद्याने मृताच्या पती-पत्नीला, आईवडिलांना आणि मुलांना भरपाईचा हक्क दिला. जखमीसाठी मात्र तसा स्वतंत्र कायदा झाला नाही. त्याला इंग्रजी परंपरेतून आलेल्या अपकृत्याच्या, म्हणजे दुसऱ्याच्या चुकीमुळे झालेल्या हानीची भरपाई देणाऱ्या, तत्त्वांवरच दावा लावावा लागे आणि समोरच्याचा निष्काळजीपणा स्वतः सिद्ध करावा लागे. 1868 मध्ये रायलंड्स विरुद्ध फ्लेचर या खटल्यात इंग्लंडच्या सर्वोच्च न्यायपीठाने वेगळे तत्त्व मान्य केले : धोकादायक वस्तू आपल्या जागेत आणून साठवणाऱ्याने ती बाहेर पडून झालेल्या नुकसानीची जबाबदारी घ्यावी, मग त्याची चूक दाखवता येवो वा न येवो. परंतु दैवी आपत्ती आणि तिऱ्हाइताचे कृत्य असे अपवाद या तत्त्वाला होते. पुढे वीज मंडळांनी नेमका त्यांचाच आधार घेतला. तार वादळाने तुटली किंवा कोणीतरी आकडा टाकला होता, असा बचाव ठरूनच गेला.

दरम्यान 1910 चा विद्युत कायदा आणि त्याखालील 1956 चे नियम आले. जखमीच्या दृष्टीने या नियमांचे मोल फार मोठे होते, कारण त्यांनी कर्तव्याला माप दिले. रस्ता ओलांडणारी कमी दाबाची तार जमिनीपासून किमान 5.8 मीटर उंच हवी, असे 2010 पर्यंत लागू असलेले ते नियमच सांगत असल्यामुळे झोळ पडून ती खाली आली होती का, हा प्रश्न मोजपट्टीने सुटू शकत असे. मात्र मोजणी वेळेवर झाली पाहिजे. अपघातानंतर तार ताणून घेतली की पुरावाही तिच्याबरोबर जातो. 2003 च्या विद्युत कायद्याच्या कलम 161 नुसार अशा अपघाताची, नुसती इजा झाली असली तरीही, सूचना विद्युत निरीक्षक या सरकारी अधिकाऱ्याला द्यावी लागते आणि 2005 च्या नियमांप्रमाणे लेखी अहवालाची मुदत 48 तासांची आहे. दाव्यात निरीक्षकाचा चौकशी अहवाल अत्यंत महत्त्वाचा ठरतो. तरीही रुग्णालयात धावपळ करणाऱ्या नातेवाइकांपैकी फारच थोड्यांना त्याची प्रत मागायचे सुचते, हे क्लेशदायक आहे.

दिल्लीच्या श्रीराम कारखान्यातील वायुगळतीच्या प्रकरणात 1986 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने घातक उद्योगांसाठी ते जुने अपवाद काढून टाकले. विजेच्या बाबतीत निर्णायक निकाल 2002 चा. मध्य प्रदेशात पावसाच्या पाण्यात पडलेल्या जिवंत तारेला लागून एका सायकलस्वाराचा मृत्यू झाला होता आणि ती तार वीजचोरीसाठी कोणीतरी टाकली होती, असे मंडळाचे म्हणणे होते. न्यायालयाने ते फेटाळले. वीज पुरवणाऱ्यावर अशी चोरी रोखण्याचीही जबाबदारी आहे आणि त्याचे दायित्व निष्काळजीपणा सिद्ध होण्यावर अवलंबून नाही, असे त्यात स्पष्ट झाले. महाराष्ट्रात 1960 साली स्थापन झालेल्या राज्य वीज मंडळाचे 2005 मध्ये विभाजन झाल्यापासून वितरणाचे काम, आणि त्यासोबत हे दायित्वही, महावितरणकडे आहे.

दाद मागण्याच्या जागेचा प्रश्न मात्र आजही नीट सुटलेला नाही. ओडिशातील एका प्रकरणात 1999 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, वस्तुस्थितीचा वाद असेल तर उच्च न्यायालयातील रिट, म्हणजे राज्यघटनेखाली थेट तिथे केलेली याचिका, हा योग्य मार्ग नव्हे, दिवाणी दावा लावावा. उलट 2014 मध्ये, हरियाणातील दोन्ही हात आणि एक पाय गमावलेल्या बालकाला रिटमध्येच मिळालेली 60 लाख रुपयांची भरपाई उच्च न्यायालयाच्या खंडपीठाने कमी केली असता सर्वोच्च न्यायालयानेच ती पूर्ववत केली. मोटार अपघातांसाठी 1956 च्या दुरुस्तीने न्यायाधिकरणांची सोय झाली. विजेच्या अपघातांसाठी तशी सोय अजून नाही, आणि माझ्या मते या विषयातील सर्वांत मोठी उणीव हीच आहे. ग्राहक आयोगाचा मार्ग ग्राहकापुरता आहे, रस्त्याने जाणाऱ्यासाठी नाही.

रकमेच्या हिशेबात मोटार अपघातांचे निकालच उपयोगी पडतात. 2010 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शरीराच्या अपंगत्वाची टक्केवारी आणि कमाईची हानी या दोन वेगळ्या गोष्टी असल्याचे स्पष्ट केले : डावा हात गेला तर सुताराची कमाई जवळजवळ पूर्ण बुडते, कारकुनाची बुडेलच असे नाही. निफाड-दिंडोरीकडे द्राक्षबागांतील एप्रिलची खरड छाटणी आणि ऑक्टोबरची गोडी छाटणी यांच्या मजुरीवर जगणाऱ्याला हे अक्षरशः लागू होते. वैद्यकीय मंडळाच्या दाखल्यावर 60 टक्के लिहिलेले असले, तरी कात्री धरणारा हात गेल्यावर त्याचे काम पूर्णच गेलेले असते. म्हणून दाव्यात दाखल्यासोबत तो काय काम करत होता याचा पुरावा, म्हणजे मुकादमाची किंवा बागाईतदाराची साक्ष, जोडावा लागतो. नाशिकच्या दिवाणी न्यायालयात असा दावा लावताना न्यायालय शुल्क मागितलेल्या रकमेच्या प्रमाणात भरावे लागते; ते झेपत नसेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 33 खाली निर्धन व्यक्ती म्हणून दावा चालवण्याची परवानगी मागता येते.