भासाचा लघुपट: रंगवलेल्या सावल्यांपासून खोलीच्या आवाजापर्यंत

एकट्या पडलेल्या माणसाला भास होत असतील तर त्याच्या नजरेवर प्रेक्षकानं किती भरवसा ठेवायचा, हा खेळ सिनेमात आधी सेटवर खेळला गेला. रॉबर्ट वीनेच्या ‘द कॅबिनेट ऑफ डॉ. कॅलिगरी’त (१९२०) भिंती कललेल्या आहेत आणि सावल्या चक्क ब्रशनं रंगवलेल्या. शेवटी कळतं, की गोष्ट सांगणाराच मनोरुग्णालयात आहे. ‘सगळं त्याच्या डोक्यात होतं’ हा धक्का आजही लघुपटांत सर्रास वापरला जातो. शंभर वर्षांत त्याची धार पार गेली आहे.

खरं वळण १९४३चं. माया डेरेन आणि अलेक्झांडर हामिद यांनी ‘मेशेस ऑफ द आफ्टरनून’ १६ मिमी फिल्मवर, लॉस एंजेलिसमधल्या साध्या घरात केला. लांबी जेमतेम १४ मिनिटं. वाकड्या भिंती नाहीत. किल्ली, सुरी, जिना, आणि तोच प्रसंग थोड्या फरकानं पुन्हा पुन्हा. नायिका स्वतः डेरेनच, आणि एका टेबलाशी अशा तीन माया बसतात. अशा शॉटची तेव्हाची रीत अशी: कॅमेरा ट्रायपॉडवर घट्ट, लेन्सचा एक भाग झाकायचा, शॉट घ्यायचा, फिल्म मोजून तेवढ्याच फ्रेम मागं न्यायची, मग झाकलेला भाग उघडून दुसरा झाकायचा. ट्रायपॉड केसभर हलला तर टेबलाची कड सांध्यावर तुटते. खिडकीतलं ऊन सरकलं तर एक बाजू काळवंडते. नटीचा हात रेषेपलीकडं गेला की मनगटाशीच कापला जातो.

इंद्रियांना काहीच मिळालं नाही तर मनाचं काय होतं हे पाहायला १९५०च्या दशकात कॅनडातल्या मॅकगिल विद्यापीठात मानसशास्त्रज्ञ डोनाल्ड हेब यांच्या प्रयोगशाळेनं विद्यार्थ्यांना रोज २० डॉलर देऊन नुसतं पडून राहायला सांगितलं: डोळ्यांवर धूसर चष्मा, हातात मोजे, कानावर एकसुरी घरघर. बहुतेकांनी दोन-तीन दिवसांत हात टेकले. भास आधी ठिपके आणि रेघांचे, मग आकृत्यांचे. पटकथेत नेमका हाच क्रम चुकतो. पहिल्याच मिनिटाला भूत उभं केलं की पुढं चढायला पायरी उरत नाही.

सॅम्युअल बेकेटच्या ‘फिल्म’मध्ये (१९६५) कॅमेरा नट बस्टर कीटनच्या पाठीमागं ४५ अंशांच्या कोनात राहतो, आणि कीटनला जे दिसतं ते मुद्दाम अंधुक ठेवलं आहे. कॅमेऱ्याची आणि पात्राची अशा दोन नजरा वेगळ्या ओळखू आल्या नाहीत, तर शंका पात्राऐवजी संकलकावर जाते.

आता भास उभा करायचं काम बरंचसं आवाजावर आलं आहे. शांतता हवी म्हणून आवाजाचा ट्रॅक कोरा ठेवला, तर प्रेक्षकाला स्पीकर बिघडला असं वाटतं. म्हणून चित्रीकरणाच्याच जागी निदान ३० सेकंद रिकाम्या खोलीचा आवाज घेऊन ठेवतात, आणि मग त्यातली पंख्याची घरघर हळूहळू काढून घेतात.