किआरोस्तामी यांच्या साधेपणाची मुळे

इराणी चित्रपट दिग्दर्शक अब्बास किआरोस्तामी यांच्या चित्रपटांतील साधेपणाचा उगम कधी फार्सी कवितेत, तर कधी इराणमधील १९७९ च्या क्रांतीनंतरच्या निर्बंधांत शोधला जातो. मला मात्र तो तेहरानमधील एका बालसंस्थेत अधिक स्पष्ट दिसतो.

१९४० साली तेहरानमध्ये जन्मलेले किआरोस्तामी मुळात चित्रकलेचे विद्यार्थी. शिकत असताना त्यांनी वाहतूक पोलिसांत नोकरी केली आणि पुढे जाहिरातपट केले. मुलांच्या बौद्धिक विकासासाठी स्थापन झालेल्या ‘कानून’ या संस्थेत चित्रपट विभाग उभारण्यात त्यांचा पुढाकार होता, आणि तेथेच १९७० मध्ये ‘नान आणि गल्ली’ हा त्यांचा पहिला लघुपट तयार झाला. नान घेऊन घरी निघालेला मुलगा आणि गल्लीत आडवा आलेला कुत्रा, एवढीच त्याची गोष्ट. छायालेखकाला दोघांची दृश्ये वेगवेगळी घेऊन ती संकलनात जोडायची होती. किआरोस्तामी यांना मात्र मूल आणि त्याची भीती एकाच चौकटीत हवी होती, आणि त्यांच्याच सांगण्यानुसार त्या एका दृश्यापायी सुमारे ४० दिवस गेले. नवख्या दिग्दर्शकाचा हा हट्ट मला फार मोलाचा वाटतो.

क्रांतीनंतर अनेक कलावंतांनी देश सोडला, किआरोस्तामी मात्र राहिले. वर्गमित्राची वही चुकून आपल्याकडे आली म्हणून ती परत करायला शेजारच्या गावी धावणाऱ्या मुलाचा ‘मित्राचे घर कोठे आहे?’ हा १९८७ चा चित्रपट कानूनचाच. १९९० च्या भूकंपात तो परिसर उद्ध्वस्त झाला, तेव्हा त्यातील बालकलाकारांच्या शोधात ते तेथे गेले, आणि त्या प्रवासातून १९९२ चा आणखी एक चित्रपट उभा राहिला. जाफर पनाही यांच्या ‘पांढरा फुगा’ची (१९९५) पटकथा लिहितानाही, नवरोजसाठी, म्हणजे इराणी नववर्षासाठी, सोनेरी मासा हवा असलेल्या मुलीचा हट्ट त्यांना पुरेसा वाटला.

१९९७ च्या ‘चेरीची चव’ या चित्रपटाला कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार विभागून मिळाला. मृत्यूनंतर आपल्यावर माती लोटणारा कोणी मिळेल का, हे विचारत गाडीतून फिरणाऱ्या माणसाची ती कथा आहे. त्यातील संभाषणे चित्रित करताना कलाकाराच्या शेजारच्या आसनावर बहुधा स्वतः किआरोस्तामी बसत, त्यामुळे चालक आणि प्रवासी गाडीत क्वचितच एकत्र दिसतात. दोन जीव एका चौकटीत यावेत म्हणून ४० दिवस थांबलेल्या दिग्दर्शकाने येथे ती चौकट जाणूनबुजून दुभंगली आहे.